मतदार यादीची तक्रार कोर्टात केव्हा न्यावी?

गेल्या पंधरवड्यात कामोठ्याचे एक फर्निचर कारागीर बंधू आमच्याकडे आले. ज्या पतसंस्थेतून त्यांनी मशीनसाठी कर्ज काढले, तिच्या निवडणुकीच्या यादीत त्यांचे नाव नव्हते. मतदान चार दिवसांवर आलेले. हायकोर्टातून स्टे मिळेल का, एवढाच त्यांचा सवाल होता. आम्हाला त्यांना नाराज करणे भाग पडले. हाच सवाल उद्या दुसऱ्या वाचकापुढे येईल, म्हणून हा खुलासा.

एका मताने काय होते, असे कोणी म्हणेल. पण संस्थेचा कारभार कोणाच्या हाती असतो याची किंमत पनवेल परिसराला वेगळी सांगायला नको. कर्नाळा नागरी सहकारी बँकेचा परवाना रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२१ मध्ये रद्द केला, तेव्हा ठेवीदारांना आधार उरला तो ५ लाखांपर्यंतच्या ठेव विम्याचा.

निवडणूक सुरू झाली की कोर्टाने ती मध्येच अडवू नये, तक्रार निकालानंतर ऐकावी, हे तत्त्व सुप्रीम कोर्टाने १९५२ साली पोन्नुस्वामी खटल्यात विधानसभा निवडणुकीबाबत सांगितले. सहकारी संस्थांच्या यादीचा प्रश्न २००१ साली आपल्याच राज्यातून तिथे गेला. श्री संत सद्गुरू जनार्दन स्वामी (मोईनगिरी महाराज) सहकारी दुग्ध उत्पादक संस्था विरुद्ध महाराष्ट्र सरकार, असे त्या खटल्याचे लांबलचक नाव. यादी तयार करणे हा निवडणुकीचाच एक टप्पा आहे; यादीत बेकायदा काही झाले असले तरी हायकोर्टाने निवडणूक थांबवू नये, कारण निकालानंतर दाद मागण्याचा मार्ग कायद्यानेच ठेवला आहे, असा निर्णय झाला.

आमच्या व्यापारी बंधूंना हे उफराटे वाटते. नाव चुकीने गेल्याचे डोळ्यांना दिसत असताना मतदान होऊ द्यायचे आणि मग भांडायचे! पण दुसरी बाजूही पाहावी. ज्यांना खुर्ची सोडवत नाही ते आपलाच एखादा माणूस पुढे करून स्टे आणतील आणि निवडणूक वर्षानुवर्षे लोंबकळत ठेवतील. आम्हाला कोर्टाचे म्हणणे पटते, जरी आमच्या कारागीर बंधूंना ते त्या दिवशी पटले नाही.

तेव्हा खरी लढाई कच्च्या यादीवरच होते. महाराष्ट्रात या निवडणुका राज्य सहकारी निवडणूक प्राधिकरणाच्या देखरेखीखाली २०१४ च्या नियमांनुसार होतात. आधी कच्ची यादी प्रसिद्ध होते, हरकतींना मुदत मिळते, त्यांवर निर्णय होतो आणि मग अंतिम यादी लागते. दुकान सोडून ती यादी पाहायला कोणी जात नाही, हा आमचा नेहमीचा अनुभव. आपल्या नावांचे तर विचारूच नका: शेअर सर्टिफिकेटवर मोहम्मद, यादीत महंमद, आधार कार्डावर नुसते मो. कुठे मरहूम वडिलांच्या नावावरचे शेअर वारसांच्या नावे केलेलेच नसतात, आणि दुकान चालवणारा मुलगा स्वतःला सभासद समजत असतो. कर्जाची थकबाकी हे आणखी एक कारण. संस्थेचे कर्ज घेऊन थकबाकीदार झालेल्या सभासदाला १९६० च्या सहकारी संस्था कायद्यात मताचा हक्क नाही. तुमचा हप्ता भरलेला असून खात्यात चढलेला नसेल, तर पावतीची नक्कल जोडून मुदतीत लेखी हरकत द्यावी आणि पोच घ्यावी. तोंडी सांगितलेले कुठेच नोंदले जात नाही.

हरकत फेटाळली गेली तर त्या निर्णयाची प्रत मागून ठेवावी. निकालानंतर पतसंस्थेसारख्या संस्थेचा निवडणुकीचा वाद कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जातो, आणि त्याची मुदत निकाल जाहीर झाल्यापासून फक्त दोन महिने आहे. तिथे हेच कागद बोलतात. एक नाव गाळले म्हणून सगळी निवडणूक रद्द होईल, अशी आशा मात्र धरू नये. दोन-तीन मतांनी हारजीत झाली असेल तर गोष्ट वेगळी.

कारागीर बंधूंच्या नावापुढे दोन हप्ते थकल्याचा शेरा होता. दोन्हींच्या पावत्या त्यांच्या दुकानात, खिळ्यांच्या डब्याखाली सापडल्या. कच्ची यादी लागली तेव्हा ते एका गिऱ्हाइकाच्या कपाटात गुंतले होते.