बाळ आणायचं, पण रीतसर!

मैत्रिणींनो, ‘आम्ही बाळ दत्तक घ्यायचं म्हणतोय’ एवढं घरात नुसतं बोलून बघा. सगळ्यांच्या हातातला चहा तसाच राहतो! आमच्याकडे धाकट्या जावेनं हा विषय काढला, तेव्हा अस्संच झालं. लग्नाला अकरा वर्षं झालेली, दवाखाने करून दोघंही थकलेली. आत्या, म्हणजे आमच्या सासूबाई, पटकन म्हणाल्या, “कुणाचं रक्त, कुठली जात, काय ठावं? त्यापेक्षा भावकीतलं घ्या की!” नणंदेनं तर आणखी सोपी वाट काढली. तिच्या ओळखीची एक बाई म्हणे परस्पर बाळ मिळवून देते. थोडे पैसे जातील, पण महिन्यात काम होईल. जाऊ माझ्याकडे बघून म्हणाली, “अक्का, तुम्हीच बोला आता.”

मग मी आत्यांना आपल्याच गावचं उदाहरण दिलं. दसरा चौकातून जाताना आपण ज्यांना हात जोडतो, ते शाहू महाराज जन्मानं कागलच्या घाटग्यांचे यशवंतराव. १८८४ साली आनंदीबाई राणीसाहेबांनी त्यांना दत्तक घेतलं, तेव्हा ते दहा वर्षांचेही नव्हते. “ते राजघराणं गं, गादीला वारस पाहिजे होता,” आत्या म्हणाल्या. त्यांचंही खरंच होतं. पूर्वी दत्तक घ्यायचे ते वंशासाठी, बहुधा नात्यागोत्यातलंच.

पण त्याच काळात पुण्यात ज्योतिराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी एका ब्राह्मण विधवेचा मुलगा आपला मानला. ना रक्ताचं नातं, ना जातीचं. तो यशवंत पुढं डॉक्टर झाला. १८९७ च्या प्लेगात सावित्रीबाई रोग्यांची सेवा करत होत्या, ती या लेकाच्याच दवाखान्यात. यावर आत्या काही बोलल्या नाहीत.

नणंदेच्या वाटेला मात्र मी साफ नाही म्हटलं. अनाथ, टाकून दिलेलं किंवा आईबापांनी सोपवलेलं मूल कायदा डावलून परस्पर घेतलं, तर ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाखापर्यंत दंड किंवा दोन्हीही होऊ शकतं. मूल विकणं-विकत घेणं तर त्याहून मोठा गुन्हा. आणि शिक्षेचं सोडा हो, लळा लागलेलं लेकरू उद्या कुणी दारातून उचलून नेलं, तर? त्या जन्मदात्या आईचाही विचार करायला नको का? रीतसर पद्धतीत बाळ बालकल्याण समितीसमोर सोपवल्यावर तिला फेरविचाराला ६० दिवस मिळतात. परस्पर व्यवहारात तिला कोण विचारतं?

रीतसर वाट तशी अवघड नाही, पण लांब आहे. केंद्रीय दत्तक संस्था, म्हणजे ‘कारा’, हिच्याकडे ऑनलाइन नाव नोंदवायचं. लग्नाचा, उत्पन्नाचा, तब्येतीचा दाखला द्यायचा. मग समाजसेविका घरी येऊन सगळ्यांशी बोलते. दोन वर्षांच्या आतलं बाळ हवं असेल, तर नवरा-बायकोच्या वयाची बेरीज ८५ च्या पुढे नको. एकटी बाईसुद्धा मूल दत्तक घेऊ शकते. तान्ह्या बाळासाठी मात्र तीनेक वर्षं वाट बघायची तयारी ठेवा. जरा मोठी मुलं, आजारी किंवा अपंग मुलंही घराची वाट बघत असतात, पण त्यांना विचारणारे फार थोडे. बाळ घरी आल्यावरही दोन वर्षं दर सहा महिन्यांनी कुणीतरी चौकशीला येतं. त्याचा राग मानू नका, ती त्या लेकराची काळजी असते.

प्रत्येक मुलाला दत्तकच द्यावं लागतं, असंही नाही. कुणाचे वडील गेलेले असतात, कुणाची आई आजारी असते. अशा मुलांसाठी आपल्या राज्यात बालसंगोपन योजना आहे. मूल आजीकडे, मावशीकडे किंवा दुसऱ्या कुटुंबात राहतं आणि त्याच्यासाठी महिन्याला मदत मिळते. तुमच्या गल्लीत असं मूल असेल, तर त्याच्या आजीला जिल्हा महिला व बालविकास कार्यालयात घेऊन जा. अडचणीतलं मूल दिसलं, तर १०९८ वर फोन करा. फोन फुकट लागतो.

आता राहिला शेवटचा प्रश्न, मुलाला सांगायचं कधी? माझं म्हणणं, लहानपणापासूनच. गोष्टीतून, वाढदिवसाला, जमेल तसं सांगत राहायचं. नाहीतर एखाद्या लग्नात कुणी आगाऊ पाहुणी सांगून मोकळी होते, आणि पोराला वाटतं, आईनं आपल्याला फसवलं.

जावेनं नाव नोंदवलंय. घरी चौकशी झाली, तेव्हा त्या बाईंनी आत्यांनाही विचारलं, “तुम्हाला नातवंड चालेल ना?” आत्या म्हणाल्या, “आता या वयात किती वाट बघायला लावता?” हळदीकुंकवाला गेल्यावर हा विषय तुम्हीही काढा, बायांनो. कुणाची तरी बोलायची हिंमत होईल.