ब्याऐंशी सामन्यांचा हिशेब

मार्च महिना कलू लागला, की अमेरिकेतल्या काही शहरांत घरोघरी एकच हिशेब मांडला जातो. सामने किती उरले? कोणाशी? घरी किती, परगावी किती? आपण इतके जिंकलो आणि ते तितके हरले, तर? आपल्याकडे क्रिकेटची साखळी संपत आली की हेच चालते. वर्तमानपत्राच्या समासात पेन्सिलीने आकडेमोड सुरू होते, नेट रनरेट नावाचे प्रकरण बाहेर निघते आणि शाळेत गणिताला जेमतेम काठावर सुटलेली माणसेही दशांश चिन्हापुढच्या तिसऱ्या घरापर्यंत जाऊन पोहोचतात. अमेरिकेतला हा हिशेब बास्केटबॉलचा असतो आणि दिसायला फार सोपा असतो. त्यात रनरेट नाही, अनिर्णित सामना नाही, बोनस गुण नाहीत. विजय किंवा पराभव, एवढेच दोन रकाने. दोन्ही मिळून बेरीज ब्याऐंशी.

एनबीए म्हणजे अमेरिकेतली व्यावसायिक बास्केटबॉलची साखळी. तिचे इंडियाना आणि सॅक्रामेंटो हे दोन संघ ऑक्टोबर २०१९ मध्ये मुंबईत येऊन सरावाचे सामने खेळून गेले, तेव्हापासून हे नाव आपल्याकडच्या तरुण मुलांच्या तोंडी अधिकच बसले. या साखळीत ३० संघ आहेत, पूर्वेचे पंधरा आणि पश्चिमेचे पंधरा. प्रत्येक संघ ऑक्टोबरपासून एप्रिलपर्यंत ८२ सामने खेळतो, ४१ आपल्या गावी आणि ४१ दुसऱ्यांच्या. मग दोन्ही बाजूंचे आठ-आठ संघ प्लेऑफमध्ये जातात. तिथे पहिल्याची गाठ आठव्याशी, दुसऱ्याची सातव्याशी, अशी लढत लागते आणि सातपैकी चार सामने आधी जिंकेल तो पुढे जातो. टेनिसमध्ये असते तसे हे मानांकन. वरचे मानांकन असलेल्या संघाला सातपैकी चार सामने घरी मिळतात. पहिले दोन घरी आणि वेळ आलीच तर सातवा, म्हणजे निकालाचा सामनाही घरी. सहा-सात महिन्यांच्या वणवणीची ही मिळकत.

वणवण हा शब्द मुद्दाम वापरला आहे. ती काय असते ते पाहायचे असेल, तर डेन्व्हर नगेट्स या संघाचा २०१८ चा वसंत ऋतू पाहावा.

उरले फक्त सात

डेन्व्हर हे कोलोरॅडो राज्यातले शहर. 'नगेट्स' म्हणजे खाणीत सापडणारे सोन्याचे खडे. त्या भागात एकेकाळी सोन्याच्या शोधात माणसांची झुंबड उडाली होती, तिची आठवण या नावात आहे. संघाच्या नशिबी मात्र बरीच वर्षे सोने नव्हते. २०१३ नंतर त्याला प्लेऑफचे तोंड दिसले नव्हते. २०१७ मध्ये ४० विजय झाले आणि ४१ विजयांचे पोर्टलंड आठवी जागा घेऊन गेले. एका विजयाने हुकलेल्या संघाने पुढच्या वर्षी कंबर कसली.

संघात निकोला योकिच नावाचा सर्बियाचा धिप्पाड तरुण होता. २०१४ मध्ये संघांनी नवे खेळाडू निवडले, तेव्हा त्याचा नंबर एकेचाळिसावा लागला होता. धावायला मंद, उडी बेताची, पण चेंडू कुठे द्यायचा हे त्याला इतरांच्या आधी दिसे. जोडीला जमाल मरे हा कॅनडाचा नेमबाज होता. पॉल मिलसॅप हा अनुभवी खेळाडू मनगटाच्या दुखापतीमुळे अर्ध्याहून अधिक सामने बाहेर बसला होता. अशा अवस्थेत हा संघ मार्चमध्ये सलग सात सामन्यांच्या दौऱ्यावर निघाला. १७ तारखेला मेम्फिस, १९ ला मायामी, २१ ला शिकागो, २३ ला वॉशिंग्टन, २६ ला फिलाडेल्फिया, दुसऱ्याच रात्री कॅनडातले टोरांटो आणि ३० ला ओक्लाहोमा सिटी. दोन आठवड्यांत सात शहरे आणि दोन देश. सामना संपवून विमान गाठायचे, परक्या गावातल्या हॉटेलात दिवस काढायचा आणि संध्याकाळी पुन्हा उभे राहायचे.

टोरांटोचा सामना हरल्यावर हिशेब असा होता: ४० विजय, ३५ पराभव आणि उरलेले सामने सात. पहिल्या आठांत जागा नव्हती. उरलेल्या सातांत कोण कोण? ओक्लाहोमा सिटी, मिलवॉकी, इंडियाना, मिनेसोटा, लॉस एंजेलिस क्लिपर्स, पोर्टलंड आणि पुन्हा मिनेसोटा. क्लिपर्स सोडले तर त्या वर्षी प्लेऑफ खेळणारेच सारे. परीक्षेच्या शेवटच्या आठवड्यात सगळे अवघड पेपर एकत्र यावेत, तशी ही यादी होती.

आणि डेन्व्हरने पेपर सोडवायला सुरुवात केली. ओक्लाहोमा सिटीला तिच्या घरी जादा वेळेत एका गुणाने हरवले. मिलवॉकीलाही जादा वेळेतच. मग इंडियाना. मग घरी मिनेसोटा. मग क्लिपर्स, मग पोर्टलंड. ओळीने सहा विजय! आता ४६ विजय, ३५ पराभव. शेवटचा सामना मिनेसोटाच्या गावी, मिनियापोलिसला. त्यांचेही ४६ विजय, ३५ पराभव. जिंकेल तो प्लेऑफमध्ये, हरेल तो घरी. शेवटच्या दिवशी दोन संघांनी अशी समोरासमोर 'आत किंवा बाहेर' अशी लढत खेळावी, हे त्याआधी १९९७ मध्ये घडले होते.

११ एप्रिल २०१८ ची ती रात्र. आपल्याकडे १२ तारखेची सकाळ होती. मिनेसोटाचा संघ २००४ नंतर प्लेऑफमध्ये गेला नव्हता. तिथल्या पोराटोरांनी आपला संघ प्लेऑफमध्ये कधी पाहिलाच नव्हता. गुडघ्याच्या दुखापतीतून नुकताच उठलेला जिमी बटलर त्यांच्यासाठी ३१ गुण काढत होता. इकडे योकिचने ३५ गुण केले, दहा वेळा परतलेला चेंडू हस्तगत केला. ठरल्या वेळेत बरोबरी झाली. जादा वेळेत मिनेसोटाने ११२-१०६ असा सामना घेतला. ब्याऐंशी सामन्यांचे ओझे पाच मिनिटांवर येऊन ठेपले आणि त्या पाच मिनिटांत डेन्व्हरचे वर्ष संपले.

हरवलेला सामना कुठे सापडतो?

त्या वर्षी पश्चिमेचा तक्ता पाहण्यासारखा होता. तिसऱ्या पोर्टलंडचे ४९ विजय. चौथे, पाचवे आणि सहावे ओक्लाहोमा, युटा आणि न्यू ऑर्लिन्स, तिघांचेही ४८. सातवे सॅन अँटोनिओ आणि आठवे मिनेसोटा, दोघांचे ४७. नववे डेन्व्हर, ४६. तिसऱ्या आणि नवव्या क्रमांकात अंतर फक्त तीन विजयांचे! याच ४६ विजयांवर डेन्व्हर पूर्वेकडे सहाव्या क्रमांकाने आत गेले असते. भूगोलाचाही गुन्हा असतो तो असा.

पाठीराख्यांना शेवटचा सामना आठवतो. त्यातली हुकलेली एखादी फेक, पंचांची एखादी शिट्टी वर्षानुवर्षे चघळली जाते. पण वही उघडून मागची पाने चाळली, तर वेगळीच नोंद सापडते. दौऱ्याचा पहिलाच सामना, १७ मार्च, मेम्फिस. या मेम्फिसने त्या वर्षी ८२ पैकी ६० सामने गमावले. डेन्व्हर तिथे पोहोचले तेव्हा ते ओळीने १९ सामने हरलेले होते. विसाव्या सामन्यात त्यांनी डेन्व्हरला १०१-९४ असे हरवले. त्या रात्री फार कोणी हळहळले नसेल. त्यानंतर दोनच दिवसांनी मायामीत दोनदा जादा वेळ खेळून डेन्व्हर १४९-१४१ असे हरले.

आता पेन्सिल घ्या. मेम्फिसचा एक सामना जिंकला असता, तर शेवटच्या रात्री हरूनही डेन्व्हर ४७ विजयांनिशी सॅन अँटोनिओ आणि मिनेसोटाच्या पंक्तीला बसले असते. मायामीचाही जिंकला असता, तर ४८ झाले असते आणि मिनियापोलिसच्या त्या रात्री डेन्व्हरचे खेळाडू निवांत मनाने उतरले असते. सामना शेवटच्या रात्री गेला खरा, पण जागा त्याआधीच थोडी थोडी करून जात होती.

शेवटच्या सामन्याला गर्दी असते, दिवे असतात, छातीत धडधड असते. पण तक्त्यात त्याची किंमत एकच. नोव्हेंबरातल्या एखाद्या मंगळवारी, अर्ध्या रिकाम्या स्टेडियममध्ये, तळाच्या संघाशी झालेल्या सामन्याचीही किंमत एकच. माणसाला मात्र दोन्ही सामने सारखे वाटत नाहीत. समोर तगडा प्रतिस्पर्धी असला की अंगात बळ येते. दुबळा असला की मन सैलावते. डेन्व्हरने शेवटच्या सातांतले सहा अवघड सामने जिंकून दाखवले आणि तरी ते बाहेर राहिले, ते सोप्या सामन्यामुळे.

घरची हवा

एवढे करून मिळवायचे काय, तर एक क्रमांक. त्याची खरेच किंमत असते का? २०१८ मध्ये शेवटच्या दिवशी युटाला हरवून तिसरे मानांकन मिळवणाऱ्या पोर्टलंडला सहाव्या न्यू ऑर्लिन्सने ४-० असे धुऊन काढले. १९९४ मध्ये ६३ सामने जिंकून पहिल्या आलेल्या सिॲटलला आठव्या क्रमांकाच्या संघाने पहिल्याच फेरीत ३-२ असे घरी बसवले. आठव्याने पहिल्याला हरवण्याची ती पहिलीच वेळ, आणि तो आठवा संघ होता डेन्व्हर! शेवटच्या क्षणी चेंडू दोन्ही हातांत धरून जमिनीवर आडवा पडून हसणारा डिकेंबे मुटोंबो जुन्या रसिकांच्या डोळ्यांसमोर अजून असेल.

पण नेम नाही म्हणून किंमत नाही, असे होत नाही. डेन्व्हर समुद्रसपाटीपासून एक मैल उंचावर आहे. तिथल्या विरळ हवेत पाहुण्यांना धाप लागते. २०१८ च्या त्याच मोसमात डेन्व्हरने घरी ३१ सामने जिंकले आणि १० गमावले. परगावी मात्र १५ जिंकले आणि २६ गमावले. खेळाडू तेच, प्रशिक्षक मायकेल मलोन तेच. पुढे २०२३ मध्ये हा संघ पश्चिमेत पहिला आला, तेव्हा त्या प्लेऑफमध्ये घरचे अकरापैकी दहा सामने त्याने जिंकले आणि १९७६ मध्ये एनबीएत आल्यापासूनचे पहिले विजेतेपद घरच्याच प्रेक्षकांपुढे घेतले. एकेचाळिसावा निवडला गेलेला योकिच अंतिम फेरीतला सर्वोत्तम खेळाडू ठरला. अंतिम फेरीत समोर मायामी होते, आठव्या मानांकनाचे.

मायामीला आत यायला एक नवी खिडकी मिळाली होती. सातव्या ते दहाव्या क्रमांकाच्या संघांनी उरलेल्या दोन जागांसाठी आपसात एक-दोन सामने खेळायचे, अशी रीत २०२०-२१ च्या मोसमापासून रूढ झाली आहे. ती २०१८ मध्ये असती, तर नवव्या डेन्व्हरला आणखी एक संधी मिळाली असती.

विजेतेपद मिळाले म्हणून वहीतली जुनी नोंद पुसली जात नाही. १२ एप्रिल २०२४ रोजी, दोन सामने उरले असताना, डेन्व्हर सॅन अँटोनिओत खेळत होते. दोन्ही जिंकले की पहिले मानांकन हातात होते. समोरचा संघ तळाचा होता. डेन्व्हरने २३ गुणांची आघाडी घेतली आणि सामना १२१-१२० असा गमावला. पहिले मानांकन तेवढ्याच विजयांच्या ओक्लाहोमा सिटीकडे गेले. त्यामुळे दुसऱ्या फेरीत डेन्व्हरच्या वाट्याला आले मिनेसोटा. सातवा सामना घरी होता, तिथे वीस गुणांची आघाडी होती, तरी तो गेला. त्या वर्षी सॅन अँटोनिओचे विजय होते २२ आणि पराभव ६०. सहा वर्षांपूर्वीच्या मेम्फिसचेही नेमके तेवढेच होते.

२०२५ मध्ये तर हा हिशेब माणसांवरच येऊन पडला. ओळीने चार सामने हरल्यावर, आणि मोसमाचे तीनच सामने उरले असताना, ८ एप्रिल रोजी संघाने विजेतेपद मिळवून देणाऱ्या मलोन यांनाच प्रशिक्षकपदावरून दूर केले. त्यांचे सहायक डेव्हिड ॲडेलमन यांच्या हाती सूत्रे गेली. उरलेले तिन्ही सामने संघाने जिंकले आणि पन्नास विजय झाले. क्लिपर्सचेही पन्नासच. नियमांतल्या बारीक अक्षरांच्या आधाराने डेन्व्हर चौथे आणि क्लिपर्स पाचवे ठरले. पहिल्याच फेरीत या दोघांची गाठ पडली, मालिका ३-३ अशी अडली, आणि सातवा सामना झाला डेन्व्हरला. डेन्व्हरने तो १२०-१०१ असा जिंकला. पुढच्या फेरीत ओक्लाहोमा सिटीशीही मालिका सातव्या सामन्यापर्यंत गेली. या वेळी तो सामना ओक्लाहोमा सिटीच्या गावी होता, कारण पहिले मानांकन त्यांचे होते. डेन्व्हर तिथे हरले.

दरवर्षी ऑक्टोबरात सगळ्यांची पाटी कोरी होते. नवे वेळापत्रक येते आणि लोक त्यात मोठ्या संघांच्या तारखांवर खुणा करतात. डेन्व्हरमधल्या एखाद्या जुन्या पाठीराख्याने मात्र बहुधा आधी तळाच्या संघांशी होणारे सामने शोधले पाहिजेत. एप्रिलमध्ये पेन्सिल घेऊन बसण्याची वेळ येईल, तेव्हा कमी पडलेला एक विजय तिथेच कुठेतरी सापडण्याचा संभव जास्त.