सहाशे साच्यांची अडचण

हिमायतनगरात, म्हणजे जुन्या वाढोण्यात, सप्ताह बसला की पारायणाला शंभर जण शंभर ज्ञानेश्वऱ्या उघडून बसतात आणि सगळ्यांपुढे ओवी तीच असते. याचे श्रेय आपण छापखान्याला देऊन मोकळे होतो. पण पाठ ठरवण्याचे खरे काम आपल्याच मराठवाड्यात, पैठणला, छापखान्यावाचून झाले. शके १५०६ म्हणजे १५८४ साली एकनाथांनी पोथ्या ताडून ज्ञानेश्वरी शुद्ध केली आणि पुढे कुणी आपली ओवी घुसडू नये, अशी ताकीदही दिली. समीक्षेचा पहिला धडा मी तिथे मानतो.

त्याच काळात गोव्यात एक इंग्रज मराठी शिकत होता. विल्टशायरचा थॉमस स्टीफन्स, जेझुइट पाद्री, १५७९ च्या ऑक्टोबरात गोव्याला उतरला. मायदेशी त्याच्या पंथाला छापणे म्हणजे जीव धोक्यात घालणे होते. त्याचा पंथबंधू एडमंड कॅम्पियन याने १५८१ साली स्टोनरच्या वाड्यात लपवलेल्या यंत्रावर पुस्तक छापले आणि त्याच वर्षी तो फाशी गेला. इंग्लंडात तेव्हा वाद होता तो देशी भाषेत थोर काव्य होते का याचा. फिलिप सिडनीने काव्याची बाजू मांडली, ती १५९५ मध्ये छापून आली. स्टीफन्सने त्या वादाचे उत्तर मराठीत दिले असे म्हटले तर फार वावगे होणार नाही. सुमारे अकरा हजार ओव्यांचे ‘क्रिस्तपुराण’ त्याने रचले आणि आरंभी मराठीची थोरवी गायली.

छापायचे कुठे? गोव्यात यंत्र आले होते १५५६ साली, सेंट पॉल कॉलेजात. पुढे जेझुइटांनी साष्टीत, जुवारीकाठच्या राशोलला छपाई सुरू केली. जुन्या मराठी पुस्तकांत या गावाला रायतूर म्हणतात. त्या काळचे यंत्र लाकडी, हाताने दाबायचे. शिशाचा एकेक खिळा उलटा वाचत ओळीत बसवायचा, शाई फासायची, कागद ठेवून दांडा ओढायचा. रोमन लिपीला हे सोपे. आपल्या लिपीचे काय?

१६०८ साली स्टीफन्सने रोमला आपल्या वरिष्ठांना पत्र लिहिले. मलबारात तिथल्या लिपीत पुस्तके निघाली, तशी इथल्या लिपीत इथेही निघावीत, ही त्याची फार दिवसांची इच्छा होती. अडचणही त्यानेच सांगितली: युरोपात चोवीस साच्यांत भागते, इथे सहाशे लागतील. हा हिशेब अतिशयोक्तीचा नाही. चौतीस व्यंजनांची नुसती बाराखडी मांडली तरी चारशे आठ खिळे होतात. जोडाक्षरे वेगळीच. (मुंबईत गणपत कृष्णाजींनी १८३१ साली पंचांग काढले तेसुद्धा खिळ्यांवर नव्हे, शिळाछापावर.)

साचे आले नाहीत. १६१६ साली पुराण रायतूरला छापले गेले ते रोमन अक्षरांत. ट-ड लिहायला अक्षर दुप्पट करायचे, अशा युक्त्यांनी. ओवी एकनाथांच्या घराण्यातली, विषय बायबलचा, लिपी लॅटिन. त्याच साली शेक्सपिअर वारला. त्याची नाटके गोळा होऊन १६२३ साली मोठ्या ग्रंथात छापली गेली आणि त्या छपाईच्या दोनशेहून अधिक प्रती आजही जपून ठेवल्या आहेत.

क्रिस्तपुराणाचे नशीब उलटे निघाले. १६४९ आणि १६५४ मध्ये ते पुन्हा छापले गेले. मग १६८४ साली पोर्तुगीज व्हाइसरॉयने लोकांनी तीन वर्षांत देशी भाषा सोडावी असा हुकूम काढला. १७५४ मध्ये तर छपाईच बंद झाली, ती १८२१ पर्यंत. तिन्ही आवृत्त्यांची एकही छापील प्रत आज सापडत नाही. पुराण टिकले ते भाविकांनी हाताने उतरून घेतलेल्या पोथ्यांत, नाथांच्या काळच्या जुन्याच रीतीने. छापण्यासाठी एवढा झटलेला ग्रंथ लेखणीने वाचवला, हे मला छापखान्याच्या इतिहासातले सर्वांत मजेशीर प्रकरण वाटते. देवनागरीत लिहिलेली एक पोथी लंडनला मार्सडेनच्या संग्रहात निघाली. १९०७ मध्ये मंगळूरला सालढाणांनी छापलेली आवृत्तीसुद्धा रोमनच होती.

देवनागरी खिळ्यांत क्रिस्तपुराण वाचायला मिळाले ते १९५६ साली, शांताराम बंडेलूंनी पुण्याहून काढलेल्या आवृत्तीत. स्टीफन्सच्या पत्राला तेव्हा ३४८ वर्षे झाली होती.