रेयांश आला कुठून?

पेण तालुक्यातल्या गागोदे गावी ११ सप्टेंबर १८९५ रोजी भाव्यांच्या घरी मुलगा झाला. नाव ठेवलं विनायक. त्यानंतर चारच महिन्यांनी, १४ जानेवारी १८९६ रोजी, महाडजवळच्या नाते गावी देशमुखांच्या घरी मुलगा झाला. नाव ठेवलं चिंतामण. त्याचं बालपण गेलं रोह्याला. पहिले पुढे विनोबा भावे झाले, तर दुसरे रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर. दोन्ही नावं गणपतीची. गणेशमूर्तींसाठी प्रसिद्ध असलेल्या या मुलखात त्यांचा अर्थ कुणी विचारला नसेल, कुणी सांगितलाही नसेल.

आज त्याच पेण-रोह्यात बारशाला गेलात तर पाळण्यात रेयांश असतो, शेजारच्या घरी कियान आणि पलीकडच्या आळीत मायरा. आत्याने कानात कुर्र केलं की मागून एखादी आजी विचारते, "नाव गोड आहे गं, पण अर्थ काय?" मग मोबाइल बाहेर निघतो आणि उत्तर येतं, "विष्णूचा अंश." दुसऱ्या मोबाइलवर तेच नाव "सूर्याचा पहिला किरण" झालेलं असतं. एकाच नावाला परस्परांशी संबंध नसलेले दोन अर्थ निघाले की शंका घ्यायला हरकत नाही.

नाव उलगडून पाहू. शेवटचा 'अंश' सरळ आहे. प्रश्न आहे तो आधीच्या 'रेय'चा. विष्णू किंवा किरण या अर्थाने हा शब्द संस्कृत कोशांत नाही. किरणासाठी इंग्रजीतला 'रे' घेतला, तर नाव अर्धं विलायती ठरतं. अमरकोशात धनाच्या पर्यायांमध्ये 'रै' हा जुना शब्द आहे. पण 'रै' आणि 'अंश' यांचा संधी केला तर 'रायंश' होईल, रेयांश होणार नाही.

मग हे नाव आलं कुठून? मला सर्वांत पटणारा रस्ता जैन परंपरेतून येतो. अकरावे तीर्थंकर श्रेयांसनाथ. 'श्रेयांस' हे 'श्रेयस्' या शब्दाचं रूप. श्रेयस् म्हणजे अधिक चांगलं, कल्याणकारी. यातला 'स' मूळ शब्दाचाच आहे, इथे अंशाचा काही संबंध नाही. बोलण्यात मात्र श्रेयांसचा श्रेयांश झाला आणि कानाला तिथे 'अंश' ऐकू यायला लागला. तोवर दिव्यांश, शिवांश, रुद्रांश ही नावं रूढ होत होती. दिव्य आणि अंश, शिव आणि अंश, यांत व्याकरणाची काहीच अडचण नाही. अशी चार-सहा नावं कानावर पडली की 'आंश' हा नावाचा तयार शेवट वाटू लागतो. मग पुढे हवं ते अक्षर जोडायचं: रेयांश, रियांश, कियांश. नाव आधी घडतं आणि अर्थ मागाहून शोधला जातो.

प्रत्येक नवं नाव मात्र असंच घडलेलं नसतं. 'विहान' अनेकांना कालपरवाचं वाटतं, पण पहाट या अर्थाचा तो शब्द संस्कृत कोशात आहे. हिंदी पट्ट्यातल्या बोलींत सकाळला 'बिहान' म्हणतात, तो याच घराण्यातला. उलट 'कियारा' ऐकायला आपल्याकडचं वाटतं, पण संस्कृतात त्याचं मूळ नाही. त्याची भावंडं आहेत इटलीतलं 'कियारा', म्हणजे स्वच्छ, उजळ, आणि आयर्लंडमधलं 'किआरा', म्हणजे काळसर. आपल्याकडे ते पोचलं 'अनजाना अनजानी' या २०१० सालच्या चित्रपटातल्या नायिकेच्या नावाने. पुढे आलिया अडवाणी या अभिनेत्रीने तेच नाव घेतलं. म्हणजे कानावरून पारख केली तर कोशातलं नाव खोटं ठरेल आणि परदेशी नाव देशी.

नावात अर्थापेक्षा नाद आधी पाहायचा, ही काही आजच्या आईबापांची चूक नव्हे. पारस्कर गृह्यसूत्र सांगतं की मुलाचं नाव दोन किंवा चार अक्षरांचं असावं, ते ग, ज, द, ब, म यांसारख्या घोष वर्णाने सुरू व्हावं आणि मध्ये य, र, ल, व यांपैकी एखादा वर्ण असावा. मुलीचं नाव विषम अक्षरांचं आणि आकारान्त असावं. मुलाच्या नावाचा हाच नियम पतंजलीच्या महाभाष्यातही येतो. आता ताडून पाहा. मायरा आणि कियारा, दोन्ही तीन अक्षरी आणि आकारान्त, मुलींच्या या दोन्ही कसोट्यांना उतरतात. रेयांशला घोष 'र' आहे, मधला 'य'ही आहे, पण तीन अक्षरांवर तो अडतो. कियान तर पहिल्याच अक्षराला नापास.

त्यात पंचांगाची भर. सत्तावीस नक्षत्रांचे प्रत्येकी चार चरण, म्हणून १०८ आद्याक्षरं. बाळ हस्त नक्षत्राच्या तिसऱ्या चरणात जन्मलं तर अक्षर येतं 'ण', आर्द्रेच्या तिसऱ्या चरणात 'ङ'. पूर्वी असं नाव पत्रिकेत ठेवून व्यवहारात दुसरं वापरत. आता चरणाक्षरही हवं, नाव दोन-तीन अक्षरी हवं, वर्गात दुसऱ्या कुणाचं नको आणि परदेशात उच्चारता यावं म्हणून 'ळ', 'ज्ञ'ही नकोत. इतक्या अटी घातल्यावर घडवलेल्या नावाखेरीज हाती काय लागणार?

जुन्या काळी नाव शोधावं लागतच नसे. आजोबांचं नाव नातवाला यायचं. सुनेने सासऱ्याचं नाव उच्चारायचं नाही, म्हणून त्या नातवाला घरात बाळ, बंड्या, अप्पा असं दुसरंच काही चिकटायचं. मूल जगावं, कुणाची नजर लागू नये म्हणून दगडू, धोंडू, केरू. कातकरी, ठाकर वाड्यांवर जन्मवारावरून सोम्या, मंगळ्या, बुधी. या नावांमागे कारण असे, सुंदर अर्थाची अपेक्षा नसे. कारण क्रूर असलं तर नावही क्रूर होई. मुलगी नको होती म्हणून 'नकोशी' नाव पडलेल्या २८५ मुलींना २०११ साली सातारा जिल्ह्यात समारंभपूर्वक नवी नावं देण्यात आली.

घडवलेलं नाव पुढे थोर होऊ शकतं, याला दाखले आहेत. गागोद्याचा विनायक, आईचा विन्या, गांधीजींच्या आश्रमात 'विनोबा' झाला. तुकोबा, ज्ञानोबांच्या वळणावर घडलेलं हे नाव आज सगळा देश ओळखतो. रवींद्रनाथांनी १९३३ साली एका बाळाचं नाव अमर्त्य ठेवलं, तेच अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन. इंग्रजीत जोनाथन स्विफ्टने एस्तर व्हॅनहोमरी या मैत्रिणीच्या आडनावातला 'व्हॅन' आणि नावातला 'एस' जोडून 'व्हॅनेसा' हे नाव केलं. त्याला मुळात अर्थच नव्हता. पुढे कीटकशास्त्रज्ञ फाब्रिसियसने फुलपाखरांच्या एका प्रजातीसमूहाला तेच नाव दिलं.

नाव नवं असो की जुनं, कागदावर ते नीट चढणं महत्त्वाचं. १९६९ च्या कायद्यानुसार जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण त्या वेळी नाव ठरलेलंच असावं असं नाही. ते बारा महिन्यांपर्यंत विनाशुल्क घालता येतं, त्यानंतर विलंबशुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत जन्मदाखल्याचं वजन वाढलं आहे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावात महाराष्ट्रात बाळाच्या नावानंतर आईचं, मग वडिलांचं आणि शेवटी आडनाव असा क्रम आहे. घडवलेल्या नावाची खरी अडचण इथे येते. रेयांश रोमन लिपीत चार तऱ्हांनी लिहिता येतो. दाखल्यावर एक, आधारवर दुसरा असं झालं की पुढे राजपत्रापर्यंत धावाधाव. म्हणून नगरपालिकेत किंवा ग्रामपंचायतीत अर्ज देण्याआधी स्पेलिंग घरात एकदाच ठरवा आणि सगळीकडे तेच द्या.

रोह्यात वाढलेल्या चिंतामणरावांनी अर्थमंत्रिपद भूषवलं आणि अमरकोशातल्या शब्दांवर पुस्तकही लिहिलं. आपल्याला इतकी मेहनत नको. बारशाच्या निमंत्रणावर अर्थ छापण्याआधी एखादा विश्वासार्ह कोश उघडला किंवा शाळेतल्या संस्कृतच्या बाईंना विचारलं तरी पुरे. शब्द सापडला तर उत्तम. न सापडला तरी नाव बिनदिक्कत ठेवा, फक्त विष्णूच्या नावावर खपवू नका. आजीने विचारलं तर सांगा, "हे आम्ही केलेलं नाव आहे, कानाला गोड वाटलं म्हणून ठेवलं." एवढा अर्थ पुष्कळ झाला.