मुलाचं ‘नको’ म्हणजे आजार नव्हे



“पोरगं फार हट्टी आहे? दाबून धरा, रडून रडून मोकळं होईल.” असा सल्ला कुणी दिला तर आधी ही घटना वाचा.

एप्रिल २०००. अमेरिकेतल्या कोलोरॅडो राज्यात कँडेस नावाच्या १० वर्षांच्या दत्तक मुलीला उपचारासाठी आणलं होतं. मुलगी नव्या आईला जीव लावत नाही, ही तक्रार. उपचाराचं नाव ‘पुनर्जन्म’. तिला चादरीत गुंडाळलं, वर उशा ठेवल्या आणि चार मोठी माणसं तिला दाबत राहिली. चादर म्हणजे गर्भाशय. त्यातून धडपडत बाहेर आली की आईशी नातं जुळेल, ही समजूत! श्वास घेता येत नाही, असं ती पुन्हा पुन्हा सांगत होती. उलटीही झाली. तरी सोडलं नाही. सुमारे ७० मिनिटांनी चादर उघडली तेव्हा श्वास थांबला होता. दुसऱ्या दिवशी ती दवाखान्यात वारली.

या प्रकाराचं चित्रीकरण झालं होतं; तेच कोर्टात पुरावा ठरलं. २००१ मध्ये दोघी थेरपिस्टना प्रत्येकी १६ वर्षांची शिक्षा झाली. त्याच वर्षी कोलोरॅडोने ‘पुनर्जन्म’ उपचारावर बंदी घातली. पण मुलांना दाबून धरण्याचे इतर प्रकार वेगवेगळ्या नावांनी उरलेच.

यामागचा विचार असा: मुलाच्या मनात राग साठलाय, तो जबरदस्तीने बाहेर काढा. मग मूल ओरडलं की म्हणायचं, “बघा, राग निघतोय,” आणि आणखी दाबायचं. भगताकडेही हेच होतं. मूल किंचाळलं की “भूत बोलतंय!” भूत उतरवायच्या नावाखाली बांधणं, मारणं आपल्याकडे २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा आहे. कुणी गुरू सांगतो म्हणून मानू नका, हे तथागतांनी कालामांना सांगितलंच होतं. थेरपिस्टलाही तोच नियम लावा.

नर्स म्हणून एक सांगते. “बोलतंय म्हणजे श्वास नीट चालू आहे,” हा समज घातक आहे. छाती-पोटावर भार पडला की फुप्फुसं पुरती फुगत नाहीत.

मूल बोलत नाही, जवळ येत नाही, सारखं चिडतं, तर आशाताईंना सांगा. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात अंगणवाडी-शाळेत मोफत तपासणी होते. त्या डॉक्टरांना मुलाच्या वागण्याबद्दलही विचारा. उपचार सुचवणाऱ्याला दोन प्रश्न जरूर करा: मुलाला धरून ठेवणार का? मूल “थांबा” म्हणालं तर थांबणार का?

उत्तर पटलं नाही, तर मुलाचा हात धरून घरी या.