तबलिगी जमात : कार्यपद्धती आणि नेतृत्वाचा प्रश्न

विसाव्या शतकातील मुस्लिम धर्मप्रसारक संघटनांत तबलिगी जमातीचे स्थान वैशिष्ट्यपूर्ण आहे. ‘तबलिग’ म्हणजे धर्माचा संदेश पोहोचविणे. मात्र या संघटनेचा रोख अन्यधर्मीयांपेक्षा मुख्यत्वे मुसलमानांकडेच राहिला आहे, ही गोष्ट प्रथमच ध्यानात घेतली पाहिजे.

संघटनेचे प्रवर्तक मौलाना मुहम्मद इलियास कांधलवी (1885–1944) यांचे शिक्षण गंगोह व देवबंद येथे झाले. पुढे त्यांनी सहारनपूरच्या मजाहिर उलूम या विद्यापीठात अध्यापन केले. वडील बंधूंच्या निधनानंतर ते दिल्लीस निजामुद्दीन येथील बंगलेवाली मशिदीत येऊन राहिले. या स्थानाचा संबंध नजीकच्या मेवात प्रदेशाशी होता. तेथील मेव लोक मुसलमान असले, तरी त्यांची गोत्रव्यवस्था व अनेक चालीरीती शेजारच्या हिंदू जातींप्रमाणेच होत्या. 1923 च्या सुमारास उत्तर भारतात शुद्धीची चळवळ जोरात होती आणि अशा समाजांचे धार्मिक भवितव्य हा वादाचा विषय झाला होता. इलियास यांनी आरंभी मेवातात मदरसे स्थापिले. परंतु शाळेत येणारी मुले थोडी. प्रौढ शेतकरी तिच्या कक्षेबाहेरच राहतो, असा त्यांना अनुभव आला. म्हणून 1926 च्या सुमारास त्यांनी निराळा मार्ग धरला : शाळा माणसाकडे नेण्याऐवजी माणसालाच काही काळ घरापासून दूर न्यावयाचे. लहान तुकड्यांनी स्वखर्चाने गावोगाव हिंडावे, मशिदीत उतरावे आणि शिकता शिकता शिकवावे, ही ती पद्धती होय.

कलिमा, नमाज, ज्ञान व जिक्र, मुसलमानाचा आदर, हेतूची शुद्धता आणि वेळेचे दान ही तिची सहा सूत्रे आहेत. महिन्यास तीन दिवस, वर्षास चाळीस दिवसांचा ‘चिल्ला’ आणि आयुष्यात एकदा चार महिने, असा कालक्रम रूढ झाला. पक्षीय राजकारण आणि पंथीय वाद यांपासून दूर राहण्याचा दंडकही पाळला गेला. मौलाना मुहम्मद जकरिया (1898–1982) यांचे ‘फजाइल’ ग्रंथ तिचे नित्यपाठ ठरले.

इलियास यांच्या पश्चात त्यांचे पुत्र मौलाना मुहम्मद युसुफ (1917–1965) अमीर झाले. त्यांच्या कारकिर्दीत हे कार्य अरब देश, युरोप व अन्य खंडांत पोहोचले. पुढे त्याच कुटुंबातील मौलाना इनामुल हसन (1918–1995) यांनी तीस वर्षे धुरा वाहिली. पाकिस्तानात रायविंड व बांगलादेशात टोंगी ही मोठ्या मेळाव्यांची केंद्रे बनली.

लिखित घटना अथवा नोंदीव सभासदत्व नसल्याने संघटना सहज पसरली. परंतु उत्तराधिकाराचा नियमही त्यामुळे निश्चित झाला नाही. 1995 नंतर एका अमीराऐवजी तिघांनी कारभार पाहिला. त्यांपैकी मौलाना इजहारुल हसन 1996 मध्ये आणि मौलाना जुबैरुल हसन 2014 मध्ये निवर्तले. मागे राहिलेले मौलाना साद हे युसुफ यांचे नातू. 2015 साली रायविंड येथे तेरा जणांची शूरा जाहीर झाली. तिला साद यांनी मान्यता दिली नाही. तेव्हापासून निजामुद्दीनचे नेतृत्व मानणारे आणि शूरा मानणारे असे दोन गट पडले. डिसेंबर 2018 मध्ये टोंगी येथे त्यांच्यात रक्तरंजित संघर्ष झाला.

हा वाद सहा सूत्रांविषयी नव्हे, अधिकाराविषयी आहे. शब्द एका व्यक्तीचा चालावा की मंडळाचा, याचे उत्तर पहिल्या तीन अमीरांच्या वैयक्तिक प्रभावामुळे द्यावे लागले नव्हते. तो प्रभाव संपताच, विस्तारास साहाय्यभूत झालेली नियमरहितता हीच फुटीचे कारण ठरली.