‘अम्मी, इथे हात सोडून नमाज पढतात!’ परदेशी निघालेल्या मुलांना घरातून काय सांगून पाठवावं?

सहारच्या विमानतळावर टर्मिनल 2 बाहेर रात्री उशिरा कधी उभं राहून पाहा. जोगेश्वरी, कुर्ला, मालवणी, घाटकोपरहून रिक्षा-टॅक्सीने आलेली माणसं असतात. खेड, चिपळूण, म्हसळा, श्रीवर्धनहून रातोरात गाडी करून आलेली असतात. अम्मी बॅगेची चेन पुन्हा पुन्हा तपासते, अब्बा दहाव्यांदा पासपोर्ट विचारतात. मुलगा मस्कतला, दोह्याला किंवा कुवेतला निघालेला असतो. निरोप देताना घरचे एकमेकांना धीर देतात, ‘काळजी कशाला? मुसलमानांचाच मुल्क आहे.’

आणि आठवड्याभरात फोन येतो, ‘अम्मी, इथे लोक हात सोडून नमाज पढतात. त्यांच्या मागे माझी नमाज होते का?’

असा फोन आपल्यापैकी बऱ्याच घरांत आलाय. दीन एक असला की रोजचं जगणंही एकसारखं असेल, असं आपण गृहीत धरतो. तसं नसतं. हे आधी माहीत नसलं की मुलगा गोंधळतो, खोलीत वाद घालतो, एकटा पडतो. कधी कधी तर कायद्याच्या कचाट्यात सापडतो. म्हणून निघण्याआधी चार गोष्टी समजून घेऊया.

अनोळखी मुल्क शेजारच्या मशिदीतच

सुरुवात घरापासून करू. आपले कोकणी लोक बहुतेक शाफई, तर मुंबईतले बाकीचे बरेचसे मुसलमान हनफी. त्यामुळे आपल्या उपनगरांत एकाच भागातल्या दोन मशिदींत असरची वेळ वेगळी असते. शाफई मसलकात असर लवकर लागते, हनफीत पाऊण-एक तास उशिरा. शाफई इमाम फजरमध्ये दुसऱ्या रकातीत हात उचलून कुनूत पढतात. हनफी घरातला मुलगा पहिल्यांदा ते पाहतो तेव्हा चमकतो. रुकूला जाताना हात उचलणं, मोठ्याने आमीन म्हणणं, यातही फरक आहेच.

आपण वर्षानुवर्षं या फरकासोबत राहतोय. एकमेकांच्या मय्यतीला जातो, लग्नात जेवतो. मग हाच समजूतदारपणा विमानात बसताना घरी का ठेवून जायचा?

ओमान, कुवेत, मदिना: तीच नमाज, वेगळे अंदाज

ओमानमध्ये इबादी मसलकाचे लोक मोठ्या संख्येने आहेत. ते हात बाजूला सोडून नमाज अदा करतात आणि फातिहानंतर आमीन म्हणत नाहीत. मोरोक्को आणि पश्चिम आफ्रिकेतले मालिकी लोकही अनेकदा हात सोडूनच उभे असतात. म्हणजे हे ‘चुकीचं’ कुणी कालपरवा काढलेलं नाही. त्यांच्याकडे शेकडो वर्षांची रीत आहे. आपल्या नमाजेचा मसला आपल्या आलिमांना जरूर विचारावा, पण निघण्याआधी विचारावा. तिकडच्या सफीत उभं राहून शेजाऱ्याचे हात दुरुस्त करायला जाऊ नये.

दुसरा गोंधळ किबल्याचा. मुंबईत किबला म्हणजे मावळती, हे आपल्या अंगात भिनलेलं. पण कुवेतमध्ये किबला नैऋत्येकडे आहे, मदिन्यात दक्षिणेला, लंडनमध्ये आग्नेयेला. नव्या खोलीत सवयीने सूर्य बघून मुसल्ला टाकू नका, आधी विचारा.

तिसरी गोष्ट वेळेची. ओमान आणि अमिराती आपल्यापेक्षा दीड तास मागे, सौदी, कतार, कुवेत अडीच तास मागे. आपल्याकडे इशा होऊन जेवणं उरकलेली असतात, तेव्हा तिकडे मुलगा कदाचित अजून कामावरच असतो. चंद्रही वेगळा दिसतो. बहुतेकदा तिकडची ईद आपल्या एक दिवस आधी होते. इकडे घरात शेवटचा रोजा आणि तिकडे मुलगा एकटा ईदगाहवर, हा दिवस त्याला फार जड जातो. त्या दिवशी सहेरीनंतर लगेच झोपू नका, आधी त्याला ‘ईद मुबारक’चा निरोप पाठवा.

सुट्टीचं गणितही बदललंय. सौदी, ओमान, कुवेतमध्ये शुक्रवार-शनिवार सुट्टी असते. अमिरातीत 1 जानेवारी 2022 पासून सरकारी कार्यालयांना शनिवार-रविवार सुट्टी आणि जुम्याला अर्धा दिवस काम असतं. खासगी कंपनीचे नियम वेगळे असू शकतात, ते करारात बघून घ्यावेत.

सलाम लांब, कॉफी छोटी

मुंबईच्या माणसाला 8:12 ची लोकल पकडायची असते. दोन शब्दांत काम सांगून तो मोकळा होतो. अरब माणसाकडे असं चालत नाही. सलाम, मग तब्येत, मग घरची खुशाली, मग काय नवीन-जुनं, आणि त्यानंतर काम. थेट कामाला हात घातला तर तो तुम्हाला उद्धट समजेल.

पण खुशाली विचारतानाही एक पथ्य पाळा. आपण सहज विचारतो, ‘भाभी कशा आहेत?’ तिकडे दुसऱ्याच्या बायकोची अशी थेट चौकशी बरी दिसत नाही. ‘घरचे सगळे खुशाल ना?’ एवढं पुरे. बाईमाणसासमोर आपण होऊन हात पुढे करायचा नाही.

कहवा आला की उजव्या हाताने घ्या. कप मुद्दाम छोटा आणि थोडाच भरलेला असतो. त्यात कंजूषी नाही, ती रीत आहे. कप रिकामा करून तसाच धरलात तर वाढणारा पुन्हा भरतो. बस झालं हे सांगायला कप किंचित हलवून परत द्यायचा. हे ठाऊक नसल्याने संकोचाने सात-आठ कप कडू कहवा पिणारे आपले लोक कमी नाहीत!

मात्र ‘तिकडचे लोक’ म्हणजे फक्त अरब नव्हेत. अमिरातीत राहणाऱ्या दहा माणसांतली जवळपास नऊ बाहेरून आलेली आहेत. खोलीत मल्याळी, बंगाली, नेपाळी, पाकिस्तानी, फिलिपिनो असतील. कुणी डुक्कर खाणारा असेल, कुणी आपल्या बोंबलाच्या वासाने नाक मुरडेल. पहिल्याच आठवड्यात भांड्यांचं, स्वयंपाकाचं आणि झोपण्याच्या वेळेचं स्पष्ट बोलून घ्यावं. खोलीतली बहुतेक भांडणं मजहबवरून सुरूच होत नाहीत, ती बाथरूमच्या नंबरावरून होतात आणि मग मजहबवर जातात.

बटाटा, बैसा आणि ‘गरीब’

धीर देणारी गोष्टही आहे. हा किनारा आपल्याला अगदीच परका नाही. रिझर्व्ह बँकेने 1959 मध्ये आखातासाठी खास रुपयाच्या नोटा काढल्या होत्या; 1960च्या दशकात दुबई, कतारच्या बाजारात त्या चालत. ओमानच्या एका रियालात आजही 1000 ‘बैसा’ असतात, तो आपला पैसाच. दुबईचा ‘करक’ म्हणजे आपला कडक चहा. टॅक्सीवाल्याला ‘सीदा’ म्हटलं की तो सरळ जातो. बाजारात बटाट्याला ‘बटाटा’च म्हणतात. आणि सलालाहला जून ते सप्टेंबर पाऊस-धुकं येतं, डोंगर हिरवे होतात, रस्त्याच्या कडेला शहाळी आणि केळी विकायला असतात. कोकणच्या माणसाला तिथे भरून येतं.

पण ओळखीचे शब्द फसवतातही. आपण ‘गरीब’ म्हणजे पैसे नसलेला समजतो. अरबीत ‘गरीब’ म्हणजे परका, अनोळखी. मुलगा पहिले सहा महिने तिकडे खऱ्या अर्थाने ‘गरीब’च असतो, खिशात पगार असला तरी.

अम्मीच्या मसाल्यातली खसखस

आता सगळ्यात महत्त्वाचं. आपल्या घरच्या मसाल्यात अनेकदा खसखस असते. ती अफूच्या बोंडातली, म्हणून अमिराती आणि सौदीमध्ये तिच्यावर बंदी आहे. अम्मीने मायेने बांधून दिलेली पुडी विमानतळावर मुलाला गुन्हेगार ठरवू शकते. मसाला द्यायचाच असेल तर खसखशीशिवाय कुटा.

- खोकल्याची काही औषधं आणि ट्रामाडोलसारख्या वेदनाशामक गोळ्या तिकडे नियंत्रित आहेत. डॉक्टरची चिठ्ठी घ्या आणि परवानगी लागते का, ते आधी तपासा.
- ‘फक्त एवढं पाकीट माझ्या भावाला द्या’ म्हणणारा कितीही जवळचा असो, पाकीट उघडून बघितल्याशिवाय घेऊ नका. नातेवाइकाने दिलेल्या पुडक्यामुळे मुंबईच्या माणसांना आखातात तुरुंगात बसावं लागलंय, निर्दोष असूनही.
- परवानगीशिवाय कुणाचा, विशेषतः बायकांचा, फोटो-व्हिडिओ काढू नका. अमिरातीत तो गुन्हा आहे.
- पासपोर्टवर ईसीआर शिक्का असेल तर एमिग्रेशन क्लिअरन्स आणि प्रवासी भारतीय विमा घेतल्याशिवाय निघू नका. विम्याचा हप्ता दोन वर्षांसाठी 275 रुपये, अधिक कर. अपघाती मृत्यू किंवा कायमच्या अपंगत्वाला संरक्षण 10 लाखांचं. व्हिजिट व्हिसावर ‘तिकडे गेल्यावर बघू’ म्हणणाऱ्या एजंटापासून दूर राहा.
- उन्हाळ्यात दुपारी उघड्यावर काम करवून घ्यायला बंदी असते. अमिरातीत 15 जून ते 15 सप्टेंबर दुपारी 12:30 ते 3, कतारमध्ये 1 जून ते 15 सप्टेंबर सकाळी 10 ते दुपारी 3:30. मुलाला हा त्याचा हक्क माहीत असू द्या.

केप टाउनचे आपले लोक

हे सगळं ऐकून घाबरायचं कारण नाही. आपल्या आधीही लोक गेले आहेत. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासून रत्नागिरी-कुलाबा भागातले कोकणी मुसलमान दक्षिण आफ्रिकेत केप टाउनला गेले. तिथे त्यांना वेगळेच मुसलमान भेटले. डचांनी आग्नेय आशियातून गुलाम आणि कैदी म्हणून आणलेल्या लोकांचे वंशज. ते आफ्रिकान्स बोलत, ईदला ‘लाबारांग’ म्हणत, रविवारी सकाळी खोबऱ्यात घोळवलेले ‘कुसिस्टर’ खात. किबला उत्तरेकडे, डिसेंबरात ऐन उन्हाळा. पण ते लोकही शाफईच निघाले! त्या धाग्यावर ओळख झाली. पुढे 1950च्या ग्रुप एरियाज कायद्याने वर्णानुसार वस्त्या वाटल्या, घरं सोडावी लागली, तरी कोकणी माणसं तिथे टिकली. कारण ती विचारत गेली, शिकत गेली.

घरच्यांनीही शिकायचं आहे

अमिरातीत व्हॉट्सअ‍ॅपवर मेसेज जातो, पण कॉल सहसा लागत नाही. म्हणून फोन आला नाही की ‘मुलगा बदलला’ असं लगेच ठरवू नका. कुठल्या अ‍ॅपवर बोलायचं, कुठल्या वेळी, हे निघण्याआधीच ठरवा. आणि तो तिकडच्या रीती सांगू लागला की ‘तौबा, असलं काय करतात’ म्हणून त्याला गप्प करू नका. असं दोनदा झालं की तो तिसऱ्यांदा काही सांगणारच नाही, अगदी संकटात असला तरी.

अल्लाहने माणसांची कौमं आणि कबिले एकमेकांच्या ओळखीसाठी बनवले, हे सूरह हुजुरातमध्ये आपण पढतो. तेव्हा पुढच्या वेळी ‘तिकडे हात सोडून नमाज पढतात’ असा फोन आला तर एवढंच विचारा, ‘बेटा, बाजूला उभ्या असलेल्याशी सलाम-दुआ झाली का?’